कमला सोहोनी : वाल, नीरा आणि सायटोक्रोम

कमला सोहोनी (१९११–१९९८) या भारतातील जीवरसायनशास्त्राच्या पहिल्या पिढीतील संशोधक. माहेरच्या त्या भागवत, जन्म इंदूरचा. वडील नारायणराव आणि काका माधवराव हे दोघेही रसायनशास्त्रज्ञ, बंगळूरच्या टाटा विज्ञान संस्थेत शिकलेल्या सुरुवातीच्या विद्यार्थ्यांपैकी. थोरल्या भगिनी दुर्गा भागवत लोकसाहित्याच्या अभ्यासक आणि लेखिका म्हणून महाराष्ट्राला परिचित झाल्या. कमलाबाईंचे नाव त्या मानाने फार थोड्या घरांत पोहोचले, ही खंत वाटण्यासारखी गोष्ट आहे. कारण त्यांनी जन्मभर ज्याचा अभ्यास केला ते अन्न घराघरांत रोज शिजत होते.

१९३३ मध्ये मुंबई विद्यापीठाची बी.एस्सी. पदवी पहिल्या क्रमांकाने मिळवून त्यांनी बंगळूरच्या संस्थेकडे संशोधनासाठी अर्ज केला. संचालक होते नोबेल पारितोषिक विजेते सी. व्ही. रामन. मुलगी म्हणून त्यांनी अर्ज नाकारला. कमलाबाई बंगळूरला गेल्या आणि संचालकांच्या दारात त्यांनी सत्याग्रह केला. प्रवेश मिळाला, पण अटींवर: पहिले वर्ष उमेदवारीचे, मार्गदर्शक सांगतील तितका वेळ, रात्रीसुद्धा काम करायचे आणि प्रयोगशाळेतील पुरुष सहकाऱ्यांचे चित्त विचलित होऊ द्यायचे नाही. शेवटची अट अपमानास्पद होती आणि तो सल त्यांच्या मनातून कधी गेला नाही. वर्षभरानंतर रामन यांनी त्यांचे काम मान्य केले आणि पुढे संस्थेत मुलींना प्रवेश मिळू लागला.

बंगळूरला एम. श्रीनिवासय्या यांच्या मार्गदर्शनाखाली त्यांनी दूध, डाळी आणि कडधान्यांतील प्रथिनांचा अभ्यास केला. या अभ्यासातला एक प्रश्न समजून घेण्याजोगा आहे. अन्नातले प्रथिन मोजताना सहसा त्यातला नायट्रोजन मोजतात आणि त्या आकड्याला सव्वासहाने गुणतात. पण डाळीतला सगळाच नायट्रोजन प्रथिनांचा नसतो. सुट्या अमिनो आम्लांत आणि इतर लहान रेणूंतही तो असतो. तो वेगळा काढला नाही तर डाळ आहे त्याहून पौष्टिक दिसते. म्हणून अर्कातली प्रथिने साकळवून गाळून टाकायची आणि गाळलेल्या पाण्यात उरलेला नायट्रोजन मोजायचा. डाळींतील अशा प्रथिनेतर नायट्रोजनावरचा कमला भागवत आणि श्रीनिवासय्या यांचा निबंध १९३५ मध्ये इंग्लंडच्या ‘बायोकेमिकल जर्नल’मध्ये प्रसिद्ध झाला. १९३६ मध्ये त्यांना एम.एस्सी. मिळाली. ज्या देशात गरिबाच्या ताटातले बरेचसे प्रथिन डाळीतूनच येते, तिथे हा हिशेब चोख असणे किती गरजेचे होते हे वेगळे सांगायला नको.

त्यानंतर केंब्रिज. जीवनसत्त्वांवरील कामासाठी नोबेल मिळालेले फ्रेडरिक हॉपकिन्स तिथल्या जीवरसायन संस्थेचे प्रमुख होते. डेरेक रिख्टर यांच्याबरोबर कमलाबाईंनी प्राणिज ऊतींतील विकरांवर काम केले. त्याचे निबंध १९३८ आणि १९३९ चे आहेत. मात्र ज्या कामासाठी त्यांचे नाव घेतले जाते ते रॉबिन हिल यांच्याकडचे, वनस्पतींवरचे. सायटोक्रोम हे लोह असलेले रंगीत प्रथिन. पेशी ऑक्सिजन वापरून अन्नातून ऊर्जा मिळवते, तेव्हा एका रेणूकडून दुसऱ्याकडे इलेक्ट्रॉन पोहोचवण्याचे काम ते करते. केंब्रिजमध्येच डेव्हिड केलिन यांनी १९२५ मध्ये कीटक आणि यीस्टच्या पेशींत ते दाखवले होते. हिरव्या वनस्पतींत हरितद्रव्याच्या गडद रंगापुढे सायटोक्रोमच्या फिकट छटा हरवून जातात. बटाट्यात ही अडचण नाही. कमलाबाईंनी बटाट्यावर काम करताना वनस्पतीच्या ऊतींमध्येही सायटोक्रोम सी असल्याचे आणि पेशींच्या श्वसनात त्याचा वाटा असल्याचे दाखवले. बटाट्याची पेशी आणि माणसाची पेशी श्वसनाच्या या टप्प्यावर एकाच वाटेने जातात, हा त्यातला मोठा अर्थ. १९३९ मध्ये त्यांना पीएच.डी. मिळाली, प्रबंध टंकलिखित अवघ्या चाळीस पानांचा होता.

त्याच वर्षी त्या परतल्या. दिल्लीच्या लेडी हार्डिंग वैद्यकीय महाविद्यालयात त्यांनी जीवरसायनशास्त्राचा नवा विभाग सांभाळला, मग कुन्नूरच्या पोषण संशोधन प्रयोगशाळेत साहाय्यक संचालक म्हणून काम केले. १९४७ मध्ये विवाहानंतर त्या मुंबईला आल्या आणि तिथल्या विज्ञान संस्थेत जीवरसायनशास्त्राच्या प्राध्यापक झाल्या. त्यांचे सर्वांत भरीव काम इथले: वालासारख्या कडधान्यांवरचे आणि नीरेवरचे.

ठाणे, कल्याण, पनवेल, अलिबाग या पट्ट्यात भात कापल्यावर जमिनीच्या ओलीवर वाल पेरतात. तो भिजत घालायचा, फडक्यात बांधून मोड आणायचे, कोमट पाण्यात टाकून साले काढायची आणि बिरडे शिजवायचे, ही या भागातल्या घराघरांतली रीत. कच्चे कडधान्य पचत नाही, कारण त्यातली काही प्रथिने ट्रिप्सिन या पाचक विकराला अडवून धरतात. हा अडथळा मोजण्याची पद्धत सोपी आहे. दुधातले केसिन ट्रिप्सिनबरोबर ठेवायचे आणि ठरावीक वेळात किती केसिन फुटले ते पाहायचे. मग त्यातच कडधान्याचा अर्क घालून पुन्हा पाहायचे. जितके केसिन कमी फुटेल तितका अडथळा मोठा. सोहोनी आणि त्यांच्या विद्यार्थ्यांनी १९५० च्या दशकात भारतीय भाज्या आणि कडधान्यांतील अशा अवरोधकांचा शोध घेतला. पुढे वालातील, रक्तातल्या तांबड्या पेशींच्या गुठळ्या करणाऱ्या प्रथिनांवरही त्यांचे निबंध आले. ही दोन्ही प्रथिने चांगल्या उष्णतेने निकामी होतात. वाल नीट शिजवण्याच्या सवयीला प्रयोगाचे बळ मिळाले ते असे.

नीरेचे, म्हणजे ताडासारख्या झाडांच्या न आंबलेल्या रसावरचे, काम राष्ट्रपती राजेंद्रप्रसाद यांच्या सूचनेवरून सुरू झाले. जुन्या ठाणे जिल्ह्याचा किनारा, म्हणजे २०१४ पासूनचा वसईसह पालघर जिल्हा, हा ताड-माड-शिंदीचा मुलूख. संध्याकाळी ताड-माडाची पोय (फुलोरा) छेदून आतून चुना लावलेले मडके बांधायचे आणि सूर्योदयापूर्वी उतरवायचे. चुन्याने आंबण्याची क्रिया लांबते. ऊन चढले की नीरेची ताडी होऊ लागते. नीरेत क जीवनसत्त्व आणि लोह चांगल्या प्रमाणात असते, आटवून गूळ केला तरी त्यातले पुष्कळसे टिकते, असे सोहोनी यांना आढळले. आदिवासी भागांतील कुपोषित मुलांच्या आणि गर्भवतींच्या आहारात नीरेची भर घातल्यावर त्यांची प्रकृती सुधारल्याची नोंद त्यांच्या अभ्यासात आहे. या कामाबद्दल त्यांना राष्ट्रपती पुरस्कार मिळाला. आरे दूध प्रकल्पालाही त्यांनी दुधाच्या दर्जाबाबत सल्ला दिला.

मुंबईच्या विज्ञान संस्थेचे संचालकपद त्यांच्याकडे यायला चार वर्षे उशीर झाला. अंतर्गत राजकारण आड आले, आणि इतक्या गुणी बाईला इतकी वाट पाहावी लागली याचा राग आजही यावा. अखेर त्या संस्थेच्या पहिल्या महिला संचालक झाल्या.

त्यांच्या लेखनाचा शोध घेणाऱ्याला दोन आडनावांखाली पाहावे लागते. वनस्पतींतील सायटोक्रोम ऑक्सिडेजवरचा हिल यांच्यासोबतचा निबंध १९५१ मध्ये, विवाहानंतर चार वर्षांनी, ‘न्यू फायटॉलॉजिस्ट’मध्ये आला, त्यावर नाव आहे भागवत. वाल आणि कडधान्यांवरचे निबंध सोहोनी नावाने आहेत. तिसरे लेखन सामान्य ग्राहकासाठी. १९६६ मध्ये मुंबईत नऊ महिलांनी ‘कन्झ्युमर गायडन्स सोसायटी’ स्थापन केली. सोहोनी तिच्या कामात हिरिरीने उतरल्या, १९८२-८३ मध्ये अध्यक्ष झाल्या आणि संस्थेच्या ‘कीमत’ या नियतकालिकात ग्राहकांच्या सुरक्षिततेवर लिहीत राहिल्या. १९९८ मध्ये भारतीय वैद्यकीय संशोधन परिषदेने दिल्लीत त्यांचा सत्कार केला. त्या समारंभातच त्या कोसळल्या आणि थोड्याच काळात त्यांचे निधन झाले.