खरी माणसे, अर्धी गोष्ट

सोयाबीनची सोंगणी उरकून दमलेले घर रात्री टीव्हीपुढे बसते. वाशिम असो की मानोरा, आता मालिकांइतकेच 'खऱ्या माणसांचे' कार्यक्रमही रंगतात. त्यासाठी सासू-सुना एका बाजूच्या होतात, हेही नवलच!

या कार्यक्रमांनी आपल्या वऱ्हाडाला मान दिला, हे आधी कबूल करू. अकोट ओलांडले की पुढे अंजनगाव सुर्जी. तिथल्या बबिताताई ताडे शाळेत साडेचारशे मुलांची खिचडी शिजवायच्या. महिन्याकाठी हाती १५०० रुपये. २०१९ साली 'कौन बनेगा करोडपती'मध्ये त्यांनी एक कोटी जिंकले. चुलीपुढची बाई किती जाणते, हे साऱ्या देशाने पाहिले.

'बिग बॉस मराठी'चे तसे नाही. २०१८ साली तो सुरू झाला. बंद घरात ठिकठिकाणी कॅमेरे. रात्रंदिवस चित्रण होते आणि आपल्याला त्यातले तासा-दीड तासाचे दाखवतात. आता तुम्हीच सांगा, एखादा माणूस दिवसात चारदा हसला, दोनदा जेवला आणि एकदा ओरडला, तर त्यातले काय ठेवतील? ओरडणेच! भांडण लागले की माणूस जागचा हलत नाही, आणि जितके बघे जास्त तितका जाहिरातीचा दर चढा. मग लेकरू त्याच सुरात आईला उलटून बोलते, अन् आपण विचारतो, हे शिकले कुठे?

जिंकल्यानंतरची गोष्टही कुणी दाखवत नाही. बिहारमधल्या मोतीहारीच्या सुशीलकुमार यांनी २०११ साली करोडपतीतच पाच कोटी जिंकले. त्यानंतरचा काळ आयुष्यातला सर्वांत वाईट होता, असे त्यांनी स्वतःच २०२० साली लिहिले. लोकांनी फसवले, व्यसन लागले, घरात कुरबुरी झाल्या.

आणि हे मात्र आजच घरात सर्वांना सांगा. 'तुमच्या नंबरला पंचवीस लाखांची लॉटरी लागली, आधी कराचे पैसे भरा' असा करोडपतीच्या नावाने व्हॉट्सअ‍ॅपवर निरोप येतो. तो साफ खोटा! त्या खेळात प्रश्नांची उत्तरे दिल्याशिवाय कुणाला काही मिळत नाही, आणि रोख बक्षिसावरचा कर बक्षिसातूनच कापतात. मालाचे पैसे नुकते खात्यात जमा झालेले असतात, तेव्हा जास्त जपा. तरी कुणी फसलेच, तर लाजेने गप्प बसू नका, त्याला रागावूही नका. ताबडतोब १९३० या क्रमांकावर फोन करा आणि बँकेला कळवा.