हॉर्सबरो यांचे सागरी ग्रंथ आणि पनवेलची खाडी

बोरघाटातून १८६३ मध्ये आगगाडी सुरू होण्यापूर्वी मुंबईहून पुण्यास जाणारे पुष्कळ प्रवासी पनवेलपर्यंत होडीने येत व तेथून घाट चढत. या बंदराचा अभ्यास करणाऱ्याने जुने सागरी नकाशे व नौकानयनाचे ग्रंथ पुरावा म्हणून कसे वाचावेत, याचा विचार येथे करावयाचा आहे.

या वाङ्मयातील प्रमुख ग्रंथकार म्हणजे जेम्स हॉर्सबरो (१७६२–१८३६) हे होत. १७८६ मध्ये ते ज्या ‘अॅटलस’ जहाजावर अधिकारी होते, ते बटाव्हियाहून सिंहलद्वीपाकडे जाताना दिएगो गार्सिया बेटावर आपटून फुटले. अपघाताचे कारण सदोष नकाशा हे होते. तेव्हापासून त्यांनी वारे, प्रवाह, खोली व वायुभार यांच्या नोंदी नेमाने ठेवल्या. त्यांतूनच १८०९ ते १८११ या काळात त्यांचा पूर्वेकडील जलमार्गांवरील दोन खंडांचा ग्रंथ निघाला. १८१० मध्ये ते ईस्ट इंडिया कंपनीचे जलालेखक झाले.

त्या काळी खोली मोजण्यासाठी दोरीला शिशाचा ओळंबा बांधून तो पाण्यात सोडीत. त्याच्या बुडाच्या खळग्यात चरबी भरलेली असे. तीस चिकटून वर आलेल्या वाळूवरून वा चिखलावरून तळाचे स्वरूप समजे. परंतु खोलीचा नुसता आकडा अपुरा होय. मुंबईच्या किनाऱ्यावर उधाणाच्या वेळी भरती-ओहोटीतील अंतर चार मीटरांहूनही अधिक होते. म्हणून प्रत्येक मापन ओहोटीच्या एका ठरावीक पातळीवर आणूनच नकाशावर नोंदवावे लागते.

यावरून दोन गोष्टी ध्यानात येतात. पहिली, खाडीत गाळ साचतो व पात्र सरकते. म्हणून नकाशाचा पुरावा त्याच्या मापनवर्षापुरताच ग्राह्य धरावा. प्रकाशनवर्षावर विसंबू नये. दुसरी, हॉर्सबरो यांनी लिहिले ते मोठ्या जहाजांच्या कप्तानांसाठी. खाडीत शिरणाऱ्या होडीचा तांडेल उधाण कोणते, भांग कोणती, हे तिथीवरून जाणीत असे. त्याला छापील ग्रंथाची गरज नव्हती. ते ज्ञान बहुतांशी तोंडीच राहिले. तेव्हा नकाशावर कोरी दिसणारी खाडी निरुपयोगी होती, असा निष्कर्ष काढणे चुकीचे ठरेल. नकाशाचे मौन हे नकाशाकाराच्या प्रयोजनाचे द्योतक असते, खाडीच्या इतिहासाचे नव्हे.