वारीत येणारा थकवा कसा ओळखायचा?

ताईंनो, आषाढी जवळ आली. गटागटात वारीची तयारी सुरू झाली असेल. आळंदी ते पंढरपूर साधारण 250 किलोमीटर चालायचं. "आम्ही दिवसभर शेतात राबतो, चालायला काय लागतंय?" असं बऱ्याच जणी म्हणतात. पण खुरपायची सवय वेगळी आणि पुणे-सासवडच्या लांब टप्प्यात दिवे घाट चढणं वेगळं. म्हणून महिनाभर आधीपासून रोज थोडं थोडं वाढवत चाला, आणि वारीत घालणार तीच चप्पल घालून चाला. नवी चप्पल असली की पहिल्याच मुक्कामाला पायाला फोड!

चालताना शरीर साठवलेली साखर वापरतं आणि घामातून पाणी-मीठ जातं. दोन्ही कमी पडलं की पाय जड होतात, पोटऱ्यांत गोळे येतात. म्हणून भूक लागायची वाट न बघता गूळ-शेंगदाणे, केळं, भाकरी थोडं थोडं खात राहा.

आता खरी अडचण, जी आपण चारचौघांत बोलत नाही. आडोसा मिळणार नाही म्हणून कितीतरी जणी पाणीच पीत नाहीत. मग डोकं दुखतं, चक्कर येते, लघवीला जळजळ होते. असं करू नका. तिघी-चौघी मिळून जा, एकीने साडी धरायची. मुक्कामाला फिरती शौचालयं कुठे आहेत ते आधी विचारून ठेवा. लघवी गडद पिवळी झाली तर पाणी कमी पडतंय असं समजा. ओआरएसची पुडी नसेल तर एक लिटर स्वच्छ पाण्यात सहा सपाट चमचे साखर आणि अर्धा सपाट चमचा मीठ घाला. चमचा चहाचा, मीठ जास्त नको. बीपी किंवा किडनीचा त्रास असेल तर आधी डॉक्टरांना विचारा.

रात्रभर झोपून सकाळी उतरतो तो थकवा चालण्याचा. पण घरी जिना चढतानाही धाप लागत असेल, तर रक्त कमी असू शकतं. निघण्याआधी आरोग्य केंद्रात हिमोग्लोबिन तपासा. बाईचं ते 12 च्या खाली असेल तर रक्त कमी आहे. लोहाच्या गोळ्या दिल्या तर त्या चहाबरोबर घेऊ नका. चहाने लोह अंगी लागत नाही, आणि वारीत चहा तर पावलोपावली!

सोबतची बाई असंबद्ध बोलू लागली, अंग तापलं, छातीत दुखू लागलं किंवा ती बेशुद्ध पडली, तर "दमली असेल" म्हणून सोडू नका. तिला सावलीत न्या. अंग तापलं असेल तर ओल्या कापडाने पुसून वारा घाला. शुद्धीत नसेल तर तोंडात पाणी घालू नका. आणि लगेच 108 ला फोन लावा.