तपासणी झाली, पुढे काय?

वाळूज, चिकलठाणा किंवा शेंद्र्याच्या एखाद्या कारखान्यातले आरोग्य शिबिर कसे असते, ते आता सगळ्यांना पाठ आहे. गेटजवळ मंडप, फलक, एका टेबलावर वजनकाटा, दुसऱ्यावर बीपीचे यंत्र, तिसऱ्यावर बोटाला सुई टोचून साखर. शिफ्ट सुटल्यावर रांग लागते, दोन तासांत दोनशे माणसे 'होतात', फोटो निघतो. आठवड्याने प्रत्येकाच्या हातात पाकीट पडते आणि ते घरी कपाटात, गॅसच्या पुस्तकाशेजारी जाऊन बसते.

ही पाकिटे आम्हाला सरकारी रुग्णालयात भेटतात, पण तीन-चार वर्षांनी. बेचाळीस-पंचेचाळीस वर्षांचा माणूस, एक बाजू लुळी पडलेली, बोलणे अडखळत असलेले. बायको प्लॅस्टिकच्या पिशवीतून जुने कागद काढते आणि त्यात कंपनीच्या शिबिराचा अहवाल निघतो. बीपी १६०/१००, पुढे इंग्रजीत 'डॉक्टरांचा सल्ला घ्यावा'. सल्ला कोणत्या डॉक्टरचा, कोणत्या वेळी आणि किती दिवसांचा खाडा करून घ्यावा, हे कोणी सांगितलेले नसते. त्याला काही त्रासही होत नव्हता, मग तो कशाला जाईल?

हा विषय आत्ता काढण्याचे कारण असे, की २१ नोव्हेंबर २०२५ पासून देशात नव्या कामगार संहिता लागू झाल्या आहेत आणि त्यांत चाळिशी ओलांडलेल्या कामगारांची वर्षातून एकदा मोफत आरोग्य तपासणी करण्याची जबाबदारी मालकावर आली आहे. म्हणजे शिबिरे वाढणार, पाकिटेही वाढणार. देशातल्या साधारण तीन प्रौढांपैकी एकाला उच्च रक्तदाब आहे, असे भारतीय आयुर्विज्ञान संशोधन परिषदेच्या २०२३ साली प्रसिद्ध झालेल्या पाहणीत दिसले. मधुमेही दहा कोटींच्या वर आहेत. तेव्हा कोणत्याही कारखान्यात तपासणी केली तर माणसे सापडणारच. सापडलेल्या माणसाचे पुढे काय करायचे, यावर सगळा हिशेब ठरतो, कामगाराचा आणि मालकाचाही.

कामगाराची तब्येत हा मालकाच्याही फायद्याचा विषय आहे, हे आपल्याकडे कोणा सल्लागार कंपनीने येऊन शिकवलेले नाही. जोतीराव फुल्यांचे सहकारी नारायण मेघाजी लोखंडे यांनी १८८४ मध्ये मुंबईच्या साडेपाच हजार गिरणी कामगारांच्या सह्यांचे निवेदन दिले, त्यात रविवारची सुट्टी आणि दुपारी अर्ध्या तासाची विश्रांती मागितली होती. सुट्टी मिळायला १८९० चा जून उजाडला. नागपुरात जमशेटजी टाटांनी १८७७ साली सुरू केलेल्या एम्प्रेस मिलमध्ये कामगार नियमित कामावर येत नसत. टाटांनी दंडाचा बडगा उगारण्याऐवजी हवा खेळती ठेवणारी यंत्रणा बसवली, निवृत्तिवेतनाचा निधी काढला, अपघात झाल्यास भरपाईची सोय केली. धर्मादाय म्हणून नव्हे, तर गिरणी चालावी म्हणून. आजच्या 'वेलनेस'चे मूळ हेच आहे. मधल्या काळात त्याला अॅप आणि टी-शर्ट चिकटले, एवढेच.

आता पुराव्याकडे येऊ, कारण या क्षेत्रात मोठमोठे आकडे फेकले जातात. २०१० मध्ये अमेरिकेत जुन्या अभ्यासांचा एकत्रित हिशेब मांडला गेला. कंपनीने अशा कार्यक्रमावर एक डॉलर खर्च केला तर उपचारांच्या खर्चात सव्वातीन डॉलर आणि गैरहजेरीत पावणेतीन डॉलर वाचतात, असा तो निष्कर्ष होता. जगभरच्या सादरीकरणांत तो अजून झळकतो. पण २०१९ मध्ये दोन कडक चाचण्या प्रसिद्ध झाल्या, त्यांत कोणाला कार्यक्रम मिळणार हे सोडत काढल्यासारखे ठरवले होते. पहिली इलिनॉय विद्यापीठातल्या सुमारे पाच हजार कर्मचाऱ्यांवर, दुसरी एका मोठ्या दुकान-साखळीच्या १६० ठिकाणच्या सुमारे तेहतीस हजार कर्मचाऱ्यांवर. दुकान-साखळीत दीड वर्षानंतर लोक 'आम्ही व्यायाम करतो' असे जास्त सांगू लागले होते. रक्तदाब, वजन, कोलेस्टेरॉल, रजा, उपचारांचा खर्च यांत मात्र फरक दिसला नाही.

मग आधीचे आकडे खोटे होते का? इलिनॉयच्या अभ्यासात उत्तर सापडते. जे आपणहून कार्यक्रमात येतात, ते मुळातच धट्टेकट्टे असतात आणि त्यांचा दवाखान्याचा खर्च आधीपासूनच कमी असतो. सकाळी सहाच्या योगवर्गाला कोण येतो, ते आठवून पाहा. ज्याचे पोट सुटले आहे, ज्याला तंबाखू लागते, जो तिसरी पाळी करून दोन तास बसने वैजापूरकडे परततो, तो येत नाही. आलेल्यांची न आलेल्यांशी तुलना केली की कार्यक्रम यशस्वी ठरतो.

तरीही 'काहीच उपयोग नाही' हा निष्कर्ष घाईचा होईल. पेप्सिको कंपनीच्या कार्यक्रमाचा सात वर्षांचा हिशेब २०१४ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यात जीवनशैलीच्या भागावर खर्च केलेल्या प्रत्येक डॉलरमागे जेमतेम अर्धा डॉलर परत आला. आधीच मधुमेह, हृदयविकार, दमा असलेल्या कर्मचाऱ्यांच्या पाठपुराव्यावर खर्च केलेल्या डॉलरमागे मात्र पावणेचार डॉलरहून अधिक. आपल्या देशातही नागपूर आणि पुण्यासह दहा शहरांतल्या औद्योगिक कामगारांची पाहणी झाली. त्यांतल्या काही ठिकाणी तपासणी, समुपदेशन, कँटीनमधले बदल आणि जोखमीच्या माणसांवर लक्ष असा कार्यक्रम काही वर्षे राबवला गेला. २००९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या निकालात वजन, कंबरेचा घेर, रक्तदाब, साखर आणि कोलेस्टेरॉल या सगळ्यांत घट दिसली. तो अभ्यास सोडत पद्धतीचा नव्हता, हे खरे. पण ही कामे आपल्या कारखान्यांत होऊ शकतात, एवढे त्याने दाखवले.

थोडक्यात, पैसा जिथे लावायला हवा ती जागा दिसायला कंटाळवाणी आहे: ज्यांचे बीपी किंवा साखर वाढलेली सापडली, त्यांची गोळी सुरू होणे आणि सुरू राहणे.

हे कारखान्यात जमते का? जमते, आणि रुग्णालयापेक्षा सोपे जमते, कारण माणूस रोज तिथेच येतो. २०१७ च्या अखेरीस सुरू झालेल्या उच्च रक्तदाब नियंत्रण उपक्रमात महाराष्ट्रातले भंडारा, सातारा, सिंधुदुर्ग आणि वर्धा हे जिल्हे पहिल्या टप्प्यात होते. त्याची पद्धत अगदी साधी आहे. कोणती गोळी आधी, कोणती नंतर हे ठरलेले, महिन्याची औषधे एकदम हातात, बीपी मोजायला परिचारिका, प्रत्येकाचे एक कार्ड आणि न आलेल्याला फोन. कारखान्याच्या प्राथमिक उपचार कक्षात एवढेच करायचे आहे. सुरुवातीच्या बीपीच्या जेनेरिक गोळ्या महिन्याला पन्नास रुपयांच्या आत येतात. खाडा वाचला, तर कामगाराची एक दिवसाची मजुरीच त्याहून कितीतरी पट जास्त असते.

दोन बारकावे इथे सांगतो. शिबिरात रांगेत उभे राहून, नुकताच चहा घेऊन किंवा तोंडात तंबाखू ठेवून मोजलेले बीपी धरू नये. अर्धा तास चहा-तंबाखू नको, पाच मिनिटे पाठ टेकून बसावे, दोनदा मोजावे आणि वाढलेले निघाले तर दुसऱ्या दिवशी पुन्हा. वेगवेगळ्या दिवशी १४०/९० किंवा त्याहून जास्त असेल तर ते खरे मानावे. दुसरा बारकावा पाळीचा. मधुमेहाची काही औषधे, विशेषतः ग्लिमेपिराइडसारखी, जेवण चुकले तर साखर धोकादायकरीत्या खाली नेतात. दर आठवड्याला पाळी बदलणारा माणूस 'सकाळी एक' असे लिहिलेली गोळी रात्रपाळी करून आल्यावर घेतो आणि उपाशीच झोपतो, किंवा गोळी घेऊन प्रेससमोर उभा राहतो आणि नाश्ता राहून जातो. अशा माणसाच्या चिठ्ठीवर घड्याळाची वेळ न लिहिता 'पहिल्या जेवणाआधी' असे लिहावे. त्याला डॉक्टरांना पाळी सांगायला सांगावे आणि आम्ही डॉक्टरांनी ती विचारावी.

आता या सगळ्यातली खरी अडचण. 'साहेब, बीपीचं हे कंपनीत कळू देऊ नका बरं का,' हे वाक्य मी इतक्यांदा ऐकले आहे, की आता त्याचे आश्चर्य वाटत नाही. कंत्राटी कामगाराला वाटते, की अहवालात काही निघाले तर पुढच्या महिन्यात ठेकेदार 'उद्यापासून येऊ नको' म्हणेल. ही भीती सगळीकडे खरी असतेच असे नाही, पण ती असते. ती असेपर्यंत माणूस शिबिराच्या दिवशी सुट्टी टाकतो किंवा घेतलेली गोळी लपवतो. म्हणून अहवाल कामगार आणि डॉक्टर यांच्यातच राहायला हवा. व्यवस्थापनाला मिळावेत ते फक्त एकत्रित आकडे: किती जणांना बीपी आहे, किती जणांचे आटोक्यात आले. एखाद्याला उंचीवरचे किंवा क्रेनचे काम देता येणार नसेल, तर 'या कामासाठी तूर्त अयोग्य' एवढाच शेरा पुरेसा आहे. आजाराचे नाव मनुष्यबळ विभागाला कळण्याची गरज नाही. आणि कार्यक्रम कायम कामगारांपुरता ठेवून कंत्राटी मुलांना वगळणे म्हणजे ज्यांना गरज जास्त त्यांनाच गेटबाहेर ठेवणे. एकाच लाइनवर दोघे खांद्याला खांदा लावून काम करतात, त्यांच्या रक्तवाहिन्यांना पगाराची चिठ्ठी कोणाची ते कळत नाही.

विश्वास कसा मिळवायचा, याचे एक चांगले उदाहरण तंबाखूचे आहे. राष्ट्रीय पाहणीनुसार महाराष्ट्रात चारपैकी एकाहून अधिक प्रौढ तंबाखूचे सेवन करतात आणि त्यांतले बहुतेक ती खातात. नवी मुंबईतल्या हीलिस सेखसरिया संस्थेने हार्वर्डच्या संशोधकांबरोबर मुंबई परिसरातल्या वीस कारखान्यांत केलेला अभ्यास २०१७ मध्ये प्रसिद्ध झाला. तिथे नुसते 'तंबाखू सोडा' सांगितले नाही. कामाच्या जागेची सुरक्षितता आणि तंबाखू हे विषय एकत्र हाताळले. ज्या कारखान्यांत कार्यक्रम झाला, तिथे सहा महिने तंबाखूपासून दूर राहिलेल्यांचे प्रमाण इतर कारखान्यांच्या सुमारे दुप्पट निघाले, जरी हा फरक संख्याशास्त्राच्या कसोटीला पूर्णपणे उतरला नाही. मला यात नवल वाटत नाही. पेंट शॉपच्या वासात आठ तास उभ्या असलेल्या माणसाला फुप्फुसांची काळजी घ्यायला सांगायचे, तर आधी तिथला पंखा दुरुस्त करायला हवा.

आपल्या शहरात मे महिन्यात पारा चाळिशीच्या वर जातो, पत्र्याच्या शेडमध्ये त्याहूनही पुढे. उष्माघाताचे बळी बहुधा नवे लोक असतात. कामाच्या पहिल्या आठवड्यात, कित्येकदा पहिल्याच दिवशी. शरीराला उष्णतेची सवय व्हायला दिवस लागतात. म्हणून नव्या माणसाला पहिल्या दिवशी उन्हातले किंवा भट्टीजवळचे काम पाळीच्या पाचव्या हिश्शाएवढेच द्यावे आणि रोज तेवढेच वाढवत न्यावे. दर वीस मिनिटांनी एक पेला पाणी, तहान लागो न लागो. बायकांच्या बाबतीत पाण्याचा प्रश्न स्वच्छतागृहाशी जोडलेला आहे. स्वच्छतागृह लांब किंवा घाण असले की त्या दिवसभर पाणीच पीत नाहीत आणि मग मूत्रमार्गाच्या संसर्गासाठी आमच्याकडे येतात. एक स्वच्छ, कडी लागणारे स्वच्छतागृह हाही आरोग्य कार्यक्रमच आहे, फक्त त्याचे उद्घाटन होत नाही.

कँटीनबद्दल फार लिहीत नाही. दिवसाला पाच ग्रॅम मीठ, म्हणजे एक चमचा, ही जागतिक आरोग्य संघटनेची मर्यादा. लोणचे, पापड, फरसाण आणि खारट रस्सा मिळून ती एका ताटात संपते. भाजीतले मीठ हळूहळू कमी केले तर कोणाच्या लक्षातही येत नाही. जाहीर करून केले तर तक्रार पेटी भरते.

ताणतणावाचेही असेच आहे. त्यावर व्याख्यान ठेवणे सोपे असते. पण आठवड्याला ५५ तास किंवा जास्त काम करणाऱ्यांत पक्षाघाताचा धोका ३५ ते ४० तासवाल्यांपेक्षा सुमारे ३५ टक्क्यांनी अधिक असल्याचे जागतिक आरोग्य संघटना आणि आंतरराष्ट्रीय कामगार संघटना यांनी २०२१ मध्ये दाखवून दिले आहे. ओव्हरटाइमचा तक्ता तसाच ठेवून ध्यानधारणेचा वर्ग भरवला, तर माणसे त्या वर्गात झोपतील. झोपू द्यावे, तेवढाच फायदा.

राहिला प्रश्न लहान कारखान्यांचा. मोठ्या कंपन्यांकडे डॉक्टर, रुग्णवाहिका, सगळे असते. त्यांना सुटे भाग पुरवणाऱ्या वीस-पंचवीस माणसांच्या शेडमध्ये प्रथमोपचाराची पेटीही कधी कधी रिकामी असते. तिथल्या मालकाला स्वतंत्र डॉक्टर परवडणार नाही, पण तिथे एक सीएनसी ऑपरेटर तीन महिने आजारी पडला तर मशीनच बंद राहते. म्हणजे नुकसान त्याचेच सर्वांत मोठे. मसिआ, सीएमआयए यांसारख्या उद्योजकांच्या संघटनांनी एका रांगेतल्या तीस-चाळीस शेडसाठी मिळून एक परिचारिका, एक बीपीचे यंत्र, एक ग्लुकोमीटर आणि आठवड्यातून एक दिवस डॉक्टर अशी सोय केली, तर प्रत्येकाच्या वाट्याला येणारा खर्च दिवाळीच्या भेटवस्तूंपेक्षा कमी असेल.

आणि एकवीस हजारांपर्यंत पगार असलेल्यांसाठी कर्मचारी राज्य विमा आहेच. त्यासाठी मालक पगाराच्या सव्वातीन टक्के आणि कामगार पाऊण टक्का दरमहा भरतो. त्यातून उपचार तर मिळतातच, शिवाय पात्र कामगाराला आजारपणाच्या रजेत वर्षाला ९१ दिवसांपर्यंत मजुरीच्या सत्तर टक्के रक्कम मिळते. आमच्या वॉर्डात पक्षाघाताने पडून असलेल्या कित्येकांच्या पगारातून ही कपात वर्षानुवर्षे होत असते आणि त्यांना आपला विमा क्रमांक माहीत नसतो. तो पगाराच्या चिठ्ठीवर असतो. नसेल तर ठेकेदाराकडे मागावा, आणि घरच्यांनाही लिहून ठेवायला सांगावा.