हिरव्या पापुद्र्यांचे अळंबे

पावसाळा लागला की वारुळावरील अळंब्यांकडे आम्हां गोवेकरांचे चित्त वेधते. त्याच दिवसांत गवताळ, मोकळ्या जागी ताटलीएवढे एक पांढरे अळंबे उगवते. शास्त्रज्ञ त्यास क्लोरोफायलम मोलिब्डायटीस म्हणतात. जून झाल्यावर त्याच्या छत्रीखालचे पापुद्रे हिरवट होतात. कोवळेपणी ते पांढरेच असल्याने फसगत होते. खाल्ल्यावर काही तासांतच ओकाऱ्या व जुलाब लागतात. लहान मुले तर फार लवकर गळून जातात. कित्येकांस मात्र काहीच बाधत नाही, आणि तेच शेजाऱ्यांस आग्रह करितात! ही साक्ष आम्हांस ग्राह्य वाटत नाही. वारुळावरील अळंब्याचा देठ मुळासारखा खोल मातीत उतरतो. याचा तसा उतरत नाही. जून छत्री रात्रभर कोऱ्या कागदावर ठेविल्यास सकाळी हिरवट भुकटी पडलेली दिसते. भुकटी हिरवी नाही, एवढ्यावरून मात्र कोणतेही अनोळखी अळंबे चुलीवर चढवू नये.