शनिवारवाड्यातील चित्रशाळा

सदाशिव पेठेतून शनिवारवाड्याकडे नित्य जाणाऱ्या पुणेकरासही बहुधा ठाऊक नसते की, पेशवाईत त्या वाड्यात चित्रकलेची शाळा भरत असे. तिचा शिक्षक जेम्स वेल्स हा स्कॉटलंडातील पीटरहेड गावी १७४७ साली जन्मला. स्वदेशी फारशी कीर्ती न लाभलेला हा चित्रकार १७९१ मध्ये मुंबईस उतरला. पुढे पुण्यास इंग्रजांचा वकील मॅलेट याच्या आश्रयाने राहून त्याने सवाई माधवराव, नाना फडणीस व महादजी शिंदे यांची चित्रे रंगविली. नानांची जी मूर्ती आपल्या डोळ्यांपुढे उभी राहते, ती पुष्कळ अंशी त्याच्याच कुंचल्याची होय.

त्याच्या हाताखालील मंडळींत गंगाराम तांबट हा अग्रगण्य. मात्र त्यास केवळ वेल्सचा शिष्य म्हणणे अन्यायाचे होईल; पेशव्यांच्या शिकारखान्यातील गेंडा त्याने १७९० मध्येच, वेल्स येण्यापूर्वी, चितारला होता. वेरूळची लेणीही त्याने मॅलेटसाठी रेखाटली.

१७९५ साली सवाई माधवराव गेले आणि त्याच वर्षी वेल्सही वारला. धनी व गुरू दोन्ही हरपताच शाळेचा आधार तुटला. गंगारामची चित्रे आज अमेरिकेत, येल विद्यापीठाच्या संग्रहात आहेत. चित्रे दूर गेली ती गेली; निदान त्याचे नाव तरी आपण आपल्या मुलांस सांगावयास नको काय?