परक्याचें दुःख आणि आपला कॅमेरा

नाटकी चित्रपटांत जो रडतो तो सायंकाळीं घरीं जाऊन हंसतो. अनुबोधपटांत जो रडतो तो खराच रडत असतो. या भेदामुळें अनुबोधपट काढणाराच्या शिरावर केवढी जबाबदारी येते, हें एका खटल्याच्या हकीकतीवरून आमच्या विद्यार्थ्यांस व त्यांच्या पालकांस सांगावें असें आम्हांस वाटतें.

अमेरिकेंतील मॅसॅच्युसेट्स राज्यांत ब्रिजवॉटर येथें मनोरुग्ण बंदिवानांसाठीं सरकारी रुग्णालय आहे. १९६६ सालीं फ्रेडरिक वाइजमन यांनीं अधीक्षकांच्या परवानगीनें तेथें चित्रण केलें व पुढील वर्षीं 'टिटिकट फॉलीज' हा चित्रपट लोकांपुढें आणला. विवस्त्र ठेवलेले रोगी, त्यांना हिणविणारे पहारेकरी, सर्व कांहीं त्यांत जसेंच्या तसें आलें. अन्न नाकारणाऱ्या एका रोग्याच्या नाकांत नळी घालून डॉक्टर त्यास अन्न भरवीत आहे, आणि त्या डॉक्टराच्या ओठांतील सिगारेटची राख आतां खालच्या नरसाळ्यांत पडते कीं काय, असें पाहणारास वाटत राहतें!

सरकारनें न्यायालयाकडे धांव घेतली. रोग्यांच्या खाजगी जीवनाचा भंग झाला, हें त्याचें म्हणणें. १९६८ त सर्व प्रती नष्ट करण्याचा हुकूम झाला. १९६९ त वरिष्ठ न्यायालयानें तो सौम्य करून डॉक्टर, वकील, समाजसेवक अशा मंडळींस तेवढी पाहण्याची मोकळीक दिली. सामान्य प्रेक्षकांवरील बंदी १९९१ पर्यंत टिकली.

अधीक्षकांनीं दिलेली परवानगी ही दाराची परवानगी होय; आंतील माणसाची लाज ही कांहीं त्यांच्या मालकीची नव्हे. बरें, ज्याचें चित्त ठिकाणावर नाहीं तो 'हो' म्हणाला, तरी त्या होकाराची किंमत किती धरावी? पण ज्या सरकारनें त्याच माणसाला उघडें ठेविलें, त्याला त्याच्या अब्रूची आठवण कॅमेरा आल्यावर व्हावी, हेंही चमत्कारिकच. आमच्या मतें तें रुग्णालय लोकांस दाखविणें अवश्य होतें. ओळखूं येणारे चेहरे दाखविणें अवश्य होतें असें आम्हांस वाटत नाहीं. चेहरा झांकला कीं माणूस नाहींसा होऊन नुसता रोग उरतो, असें कोणी म्हणतील, आणि तें अगदींच टाकाऊ नाहीं.

आतां कॅमेरा प्रत्येकाच्या खिशांत आला आहे. गेल्या स्नेहसंमेलनांत एका लहान मुलास भाषण आठवेना, तो रंगमंचावरच रडला, आणि कोणीं तरी तें मोबाईलवर टिपलें. आम्हीं तें चित्र पुसावयास लाविलें. पण तोंवर सबंध वर्गानें तें पाहिलें होतें.